तासगाव 'लॅप्स' झालं की कुणी घेतलं? एका इंग्रजी शब्दाची गोष्ट

मागच्या महिन्यात आमच्या गल्लीतले तात्या एक पत्र घेऊन घरी आले. पत्र इंग्रजीत. त्यांची आत्या मुंबईत वारली. नवरा गिरणीत होता, तो आधीच गेलेला. मूलबाळ नाही, सासरकडचं मागं कुणी उरलेलं नाही. तिच्या नावावर थोडी रक्कम होती. तात्यांनी अर्ज केला, त्याला एका कार्यालयाचं हे उत्तर. मधोमध एका शब्दाखाली तात्यांनी पेनानं रेघ मारलेली. कायदेशीर वारस सिद्ध झाला नाही तर रक्कम सरकारकडं 'एस्चीट' होईल, असं त्यात लिहिलं होतं.

"ह्यात चीट आलंय बघ," तात्या म्हणाले. "चीट म्हंजे फसवणूकच की. सरकार लिहून देऊन फसवतंय व्हय?"

मी हसलो. म्हटलं तात्या, तो चीट वेगळा, हा वेगळा. कायद्यातला जुना शब्द आहे. त्यांना चहा देऊन लावून दिलं आणि रात्री शब्दकोश उघडला. तर तात्या बरोबर होते हो! मीच चुकलो होतो.

हा शब्द जुन्या फ्रेंचमधून इंग्रजीत आला आणि त्याच्या मुळाशी लॅटिन आहे. अर्थ 'बाहेर पडणे', 'वाट्याला पडणे'. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये जमीन कुणाच्याच पूर्ण मालकीची नसायची. राजानं सरदाराला दिलेली, सरदारानं खालच्याला. खालचा माणूस वारस न ठेवता मेला, किंवा मोठ्या गुन्ह्यात दोषी ठरला, की जमीन वर, म्हणजे ज्याच्याकडून आली त्याच्याकडं, परत जायची. हे परत जाणं म्हणजे एस्चीट. ते बघायला राजाचा खास अधिकारी असायचा, त्याला म्हणायचे एस्चीटर. कोण कुठं मेला, मागं कोण आहे, कागद धड आहेत का, हे तो हुडकत फिरायचा. आता अशा माणसाची गावात काय कीर्ती असेल ते सांगायला नको. वारस असतानाही नाही म्हणणं, कागदात खोट काढणं, जमिनी दाबणं. लोक इतके कावले की शब्दाचं पुढचं अक्षर गळून 'चीट' उरलं, आणि आधी जप्त करणं, मग लुबाडणं, मग सरळ फसवणं असा त्याचा अर्थ होत गेला. शेक्सपिअरच्या 'मेरी वाइव्हज ऑफ विंडसर' नाटकात फॉल्स्टाफ याच दोन अर्थांवर कोटी करतो. म्हणजे चारशे वर्षांपूर्वी लंडनच्या प्रेक्षकाला हा विनोद समजावून सांगावा लागत नव्हता. परीक्षेत कॉपी करणाऱ्या पोराला आपण 'चीटिंग' म्हणतो, तो शब्द मुळात सरकारी खात्यातून आलाय.

हे सगळं वाचताना मला आपल्या गावाची आठवण झाली. कारण तासगावच्या इतिहासाबद्दल इंग्रजीत जिथं कुठं चार ओळी मिळतात, तिथं एक वाक्य हमखास असतं. १८४८ साली तासगाव 'लॅप्स' झालं.

लॅप्स हा एस्चीटचा सख्खा भाऊ. हा मात्र आपल्या चांगल्या ओळखीचा. एलआयसीचा हप्ता थकला की पॉलिसी लॅप्स. ३१ मार्चला बिल निघालं नाही की निधी लॅप्स. आपल्याकडं दर एप्रिलमध्ये कुठल्या तरी रस्त्याचा नाहीतर समाजमंदिराचा निधी लॅप्स झालेला असतो आणि सगळे एकमेकांकडं बघत असतात. याचंही मूळ लॅटिन, अर्थ घसरणं, निसटणं. कोलॅप्स, रिलॅप्स, काळ सरणं दाखवणारा इलॅप्स, सगळी एकाच घरची भावंडं. स्मरणशक्ती दगा देते तो लॅप्स. चर्चला जाणं सोडून दिलेला ख्रिस्ती माणूस लॅप्स्ड. इंग्लंडच्या चर्चच्या कायद्यात तर याचा एक भारी उपयोग होता. एखाद्या गावचा धर्मगुरू नेमायचा हक्क तिथल्या जमीनदाराकडं असायचा. त्यानं सहा महिन्यांत कुणाला नेमलं नाही तर तो हक्क लॅप्स होऊन बिशपकडं जायचा. म्हणजे मुदत पाळली नाही, ढिलाई झाली, आणि हक्क आपोआप वरच्याकडं सरकला.

'आपोआप' हा शब्द ध्यानात ठेवा. सगळी मेख तिथंच आहे.

आता मराठीत हीच घटना कशी सांगतात बघा. आपल्या आज्या-पणज्यांनी कधी 'तासगाव लॅप्स झालं' म्हटलं नाही. त्या म्हणायच्या, संस्थान खालसा केलं. खालसा हा शब्द मूळ अरबी, अर्थ शुद्ध, निर्भेळ, ज्यात दुसऱ्याचा वाटा नाही असं. मध्ये कुणी जहागीरदार नाही, महसूल थेट सरकारात, तो खालसा मुलूख. शीख पंथाचं 'खालसा' त्याच मुळाचं. मुद्दा व्याकरणाचा आहे. 'खालसा केलं' म्हटलं की लगेच पुढचा प्रश्न येतो, कुणी केलं? 'लॅप्स झालं' म्हटलं की प्रश्नच येत नाही. पिकलेलं फळ खाली पडलं, कंपनी सरकार नेमकं झाडाखाली उभं होतं, आता त्याला ते तरी काय करणार!

तासगाव खाली कसं 'पडलं' ते थोडक्यात सांगतो.

परशुरामभाऊ पटवर्धन हे नाव इथं नव्यानं सांगायची गरज नाही. १७९५ च्या खर्ड्याच्या लढाईत मराठी फौजेचे सेनापती. त्याआधी टिपूविरुद्धच्या मोहिमेत धारवाडच्या वेढ्यापासून श्रीरंगपट्टणापर्यंत जाऊन आलेले. दक्षिणेत बघितलेली गोपुरं डोळ्यांत होती, म्हणून आपल्या गणपतीच्या देवळाला सात मजली गोपुर. महाराष्ट्रात असं गोपुर शोधून सापडायचं नाही. भाऊ १७९९ मध्ये कोल्हापूरकरांशी लढताना पट्टणकुडीला पडले. पुढं १८११ च्या वाटणीत घराण्याच्या या शाखेचे जमखंडी आणि तासगाव असे दोन भाग झाले. पेशवाई बुडाल्यावर पटवर्धनांच्या सगळ्या शाखांनी कंपनीशी वेगवेगळे करार केले. त्यांतल्या सांगली, मिरज, जमखंडी, कुरुंदवाड पुढं टिकल्या. काही टिकल्या नाहीत. चिंचणी आणि सोनी १८४८ च्या आधीच गेल्या, शेडबाळ १८५७ मध्ये गेलं, आणि तासगाव १८४८ मध्ये, पुरुष वारस नाही या कारणावरून.

इंग्रजी गॅझेटियरवाल्यांना यासाठी एक ओळ पुरली. एका आख्ख्या राज्याला एक ओळ आणि त्यातलं क्रियापदही असं की कर्ता लागत नाही.

तासगावच्या कागदांवर फार कुणी भांडल्याचं इतिहासात गाजलं नाही. पण त्याच वर्षी शेजारी साताऱ्यात जे घडलं त्यावर लंडनपर्यंत रण माजलं. आणि तिथल्या वादात या शब्दाची सगळी शिवण उसवून दिसते, म्हणून जरा तिकडं जाऊ.

साताऱ्याचं राज्य इंग्रजांनी १८१९ च्या तहानं छत्रपती प्रतापसिंहांना दिलं. तहात शब्द असे होते की हे राज्य राजांना आणि त्यांच्या वारसांना व उत्तराधिकाऱ्यांना कायम चालावं. वीस वर्षांनी, १८३९ मध्ये, त्याच इंग्रजांनी प्रतापसिंहांवर कटाचा आरोप ठेवून त्यांना पदच्युत केलं आणि काशीला पाठवलं. धाकटे बंधू शहाजी ऊर्फ आप्पासाहेब गादीवर बसले. प्रतापसिंह १८४७ मध्ये काशीतच वारले. ५ एप्रिल १८४८ ला आप्पासाहेबही गेले. पोटचा मुलगा नव्हता. मरणाच्या काही तास आधी त्यांनी विधीपूर्वक एक मुलगा दत्तक घेतला, व्यंकोजी.

मग सुरू झाला कागदांचा खेळ. मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज क्लार्क यांचं मत पडलं की दत्तक मान्य करायला हवा. तहात 'उत्तराधिकारी' हा शब्द आहे आणि हिंदू धर्मशास्त्राप्रमाणं दत्तक मुलगा हा मुलगाच. साताऱ्याचा रेसिडेंट बार्टल फ्रिअर हाही खालसा करण्याच्या विरोधात होता. पण क्लार्क त्याच सुमाराला पदावरून गेले आणि नवे गव्हर्नर लॉर्ड फॉकलंड यांनी उलट मत दिलं. वर कलकत्त्यात लॉर्ड डलहौसी नुकताच आलेला. वय पस्तीस-छत्तीस. ऑगस्ट १८४८ मध्ये त्यानं आपला शेरा लिहिला. त्याचं म्हणणं साधारण असं, की दत्तक मुलाला राजाची खाजगी मालमत्ता जरूर मिळेल, शास्त्र तसं सांगतं. पण राज्य ही वेगळी गोष्ट. मांडलिक राज्याला दत्तक चालवायचा तर वरिष्ठ सत्तेची संमती लागते. संमती द्यायची की नाही हा वरिष्ठ सत्तेचा अधिकार. आम्ही देत नाही. १८४९ च्या जानेवारीत लंडनच्या डायरेक्टरांनी याला मान्यता दिली.

आता नीट बघा. वारस होता. विधी झाला होता. तहात शब्द होता. गव्हर्नरपासून रेसिडेंटपर्यंत दोन इंग्रज अधिकारी होय म्हणत होते. म्हणजे फळ आपोआप पडलेलं नाही. एका माणसानं 'मी हो म्हणत नाही' असं लिहिलं, आणि त्या नकाराला नाव दिलं लॅप्स. घसरलं म्हणे! ढकलणाऱ्यानं घसरलं म्हणायचं, ही तऱ्हा.

एक गोष्ट मात्र आपल्या बाजूनंही कबूल करायला हवी, नाहीतर इतिहास एकतर्फी होतो. दत्तकाला वरची मंजुरी लागणं ही इंग्रजांनी शून्यातून काढलेली गोष्ट नव्हती. पेशव्यांच्या काळातही सरदार-जहागीरदारांना वारसा आणि दत्तक मंजूर करून घेताना नजराणा भरावा लागायचा. डलहौसीचे वकील त्यावर बोट ठेवत. फरक हा की आपल्याकडं मंजुरी हा बहुतेक वेळा पैशाचा व्यवहार होता. नजराणा जबर मागतील, वर्षभर खेटे मारायला लावतील, पण शेवटी दत्तक चालायचा. घर बुडवून जहागीर गिळायची हा नेहमीचा रिवाज नव्हता. डलहौसीनं अपवाद उचलला आणि त्याचा नियम केला. किंवा त्याच्याही आधी सुरुवात झाली होती म्हणा. कित्तूरचा दत्तक १८२४ मध्ये नाकारला, तिथूनच राणी चन्नम्मांचं युद्ध पेटलं. साताऱ्यानंतर झाशी, नागपूर. शाळेच्या पुस्तकात याला 'दत्तक वारसा नामंजूर' असं नाव आहे. माझ्या मते इंग्रजी मूळ शब्दापेक्षा हे भाषांतर शंभरपट प्रामाणिक आहे, कारण नामंजूर करायला कुणीतरी लागतं.

यातून माणसांचं काय झालं तेही सांगतो. रंगो बापूजी गुप्ते प्रतापसिंहांची बाजू मांडायला लंडनला गेले ते जवळपास चौदा वर्षं तिथंच झगडत राहिले. सभा, पुस्तिका, अर्ज, पार्लमेंटच्या सभासदांच्या पायऱ्या. हात हलवत परत आले. १८५७ च्या साताऱ्याच्या कटात त्यांचा मुलगा सीताराम पकडला गेला. त्या सप्टेंबरात गेंडामाळावर ज्या सतरा जणांना मृत्युदंड दिला त्यांत तो होता. रंगो बापूजी स्वतः निसटले आणि पुन्हा कधी कुणाला सापडले नाहीत. खाली धारवाडकडं नरगुंदचे भास्करराव भावे ऊर्फ बाबासाहेब यांनाही दत्तकाची परवानगी नाकारलेली. १८५८ मध्ये त्यांनी मॅन्सन या गोऱ्या अधिकाऱ्याचं शिर उतरवलं. हा मॅन्सन आधी इनाम कमिशनवर होता, म्हणजे घरोघरीच्या सनदा तपासून कुणाचं इनाम वैध नि कुणाचं अवैध हे ठरवणाऱ्यांतला. इंग्लंडमधल्या त्या जुन्या एस्चीटरचा आपल्याकडचा अवतारच म्हणायचा. बाबासाहेबांना बेळगावला फाशी दिली.

एवढी आग लागल्यावर शहाणपण आलं. राणीच्या जाहीरनाम्यानंतर कॅनिंगनं संस्थानिकांना दत्तकाच्या सनदा दिल्या, म्हणजे यापुढं दत्तक मान्य करू असं लेखी. आपल्या भागातल्या उरलेल्या पटवर्धन संस्थानांनाही त्या मिळाल्या. पटवर्धनांची ही संस्थानं त्यामुळं मार्च १९४८ च्या विलीनीकरणापर्यंत टिकली. तासगावला ही सनद चौदा वर्षं उशिरा आली. सातारा आणि तासगाव परत मिळाले नाहीत, हे वेगळं सांगायला नको. एलआयसीची पॉलिसी लॅप्स झाली तर दंड भरून पाच वर्षांच्या आत चालू करता येते. राज्याला ती सोय नव्हती.

याचा आपल्या गावावर एक परिणाम झाला, जो मला फार दिवस नीट कळला नव्हता. बाजूला सांगली, मिरज संस्थानी मुलूख आणि तासगाव मात्र ब्रिटिश तालुका, सातारा जिल्ह्यात. दक्षिण सातारा जिल्हा १९४९ मध्ये वेगळा झाला, त्याचं सांगली हे नाव १९६० चं. त्यामुळं इथं कचेरी थेट इंग्रज सरकारची. म्हणूनच ३ सप्टेंबर १९४२ चा मोर्चा या कचेरीवर आला, तिरंगा चढला आणि मामलेदाराच्या डोक्यावर गांधी टोपी आली. ज्या कचेरीवर तो झेंडा लागला ती १८४८ च्या त्या एका ओळीची नात आहे.

आता एस्चीटकडं परत येतो, कारण तात्यांचं पत्र अजून माझ्या टेबलावर आहे.

आपल्या गावगाड्यात या एस्चीटला एक जुना शब्द होता, गतकुळ. ज्या मिरासदाराचं कुळ गेलं, म्हणजे संपलं किंवा परागंदा झालं, त्याची जमीन गतकुळ. दुष्काळात, धामधुमीत घरंच्या घरं गाव सोडून जायची. जमीन पडून राहू नये म्हणून गाव ती दुसऱ्याला कसायला द्यायचं. पण पिढी उलटल्यावर जरी मूळ घरातलं कुणी परत आलं तरी मिराशीचा हक्क सहसा मेलेला समजत नसत. इंग्रज अधिकारी पेशवाईनंतर दख्खनभर चौकशी करत फिरले तेव्हा याचं त्यांना फार नवल वाटलं होतं. आणखी एक गंमत त्यांनी नोंदवली. गावातल्या जमिनीच्या मोठ्या तुकड्यांना, म्हणजे थळांना, मूळ घराण्यांची नावं असायची आणि ते घराणं कधीच संपलेलं असलं तरी थळाचं नाव तेच चालायचं. कुळ गेलं पण शिवारात नाव राहिलं. गतकुळ या शब्दात माणूस गेल्याची नोंद आहे. एस्चीट या शब्दात फक्त जमीन कुठं पडली याची.

धर्मशास्त्रातही राजाला असं धन घेता येत होतं, पण मनुस्मृतीनं त्यात जात आणली. कुणीच वारस नसेल तर इतर वर्णांचं धन राजानं घ्यावं, ब्राह्मणाचं घेऊ नये. इंग्रजी अमलात मछलीपट्टणच्या एका ब्राह्मण जमीनदाराच्या मालमत्तेवरून हा प्रश्न थेट प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. १८६० मध्ये निकाल लागला की वारस नसेल तर ब्राह्मणाचंही सरकारजमा होईल. समानता आली म्हणायची, पण कुठल्या दारानं आली बघा!

आणि हे दोन्ही शब्द अजून जिवंत आहेत. आपल्या राज्यघटनेचं कलम २९६ काढून वाचा. पूर्वी जी मालमत्ता इंग्लंडच्या राजाकडं किंवा संस्थानिकाकडं 'एस्चीट' किंवा 'लॅप्स' होऊन गेली असती, ती आता ज्या राज्यात असेल त्या राज्य सरकारकडं जाईल. डलहौसीच्या तोंडचा शब्द आणि इंग्लंडच्या एस्चीटरचा शब्द, दोघं एकाच कलमात शेजारी बसलेत. म्हणजे वारसा आपण दोन्हीकडून घेतलाय. इंग्लंडनं मात्र स्वतःच्या घरात १९२५ च्या कायद्यानं जुना एस्चीट बहुतांशी मोडीत काढला.

पण एक मोठा फरक आहे आणि तोच तात्यांना सांगितला. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याचं कलम २९ म्हणतं की कायद्यानं सांगितलेला एकही वारस उरला नाही, तरच मालमत्ता सरकारकडं जाते. आणि ही यादी केवढी लांब आहे! मूल नसलेली बाई मृत्युपत्र न करता वारली तर आधी नवऱ्याच्या बाजूचे वारस, ते नसतील तर तिचे आईवडील, मग वडिलांच्या बाजूचे वारस, मग आईच्या बाजूचे. तात्या म्हणजे तिच्या भावाचा मुलगा. सासरकडं कुणी नाही हे दाखवता आलं तर तात्या रीतसर वारस बसतात. शिवाय कुणीच वारस नाही हे सिद्ध करायची जबाबदारी सरकारवर आहे. सर्वोच्च न्यायालयानं २०१७ मध्ये हरिद्वारच्या एका आश्रमाच्या खटल्यात सांगितलं की नुसतं गृहीत धरून सरकारला मालमत्ता घेता येणार नाही. राजस्थानात खेतडीचे राजे सरदारसिंह १९८७ मध्ये निपुत्रिक वारले, तेव्हा त्यांच्या मालमत्तेवर सरकारनं एस्चीटचा कायदा लावला होता. मृत्युपत्र होतं, ते २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात खरं ठरलं. छत्तीस वर्षं गेली मधे. वाड्यांची काय अवस्था झाली असेल याचा विचार करा.

बँकेतल्या पैशांचं अजून वेगळं. दहा वर्षं कुणी फिरकलं नाही की ती रक्कम रिझर्व्ह बँकेच्या एका निधीत जाते. आपल्याकडं लोकांना वाटतं पैसे बुडाले, सरकारनं खाल्ले. तसं नाही. हक्क मरत नाही, वारस कधीही बँकेकडं मागू शकतो. 'उद्गम' नावाचं पोर्टल २०२३ पासून आहे, त्यावर नाव टाकून शोधता येतं. घरातलं कुणी मुंबईला, गिरणीत, गोदीत, पोलिसात होतं असं ज्यांच्या घरी आहे त्यांनी एकदा बघाच. आपल्या तालुक्यातून मुंबईला गेलेली घरं काय थोडी आहेत?

दत्तकाचंही तसंच. आपल्याकडं अजून दत्तक म्हणजे भटजी, चार पाव्हणे, मांडीवर बसवलं, जेवणं झाली, संपलं. फोटो असतो, कागद नसतो. कायद्याला विधी पुरतो, पण तीस वर्षांनी विधीचे साक्षीदार कुठून आणणार? नोंदणीकृत दत्तकपत्र असलं की न्यायालय दत्तक खरा आहे असं गृहीत धरून चालतं, समोरच्यानं खोटं पाडून दाखवायचं. व्यंकोजीच्या दत्तकाला तर साक्षीदारांची कमतरता नव्हती, तरी काय झालं हे वर सांगितलंच. पण आता निदान डलहौसी नाही, कोर्ट आहे.

तात्यांचं म्हणाल तर वंशावळ तयार केलीय. आत्याच्या सासरच्या गावी जाऊन सरपंच-पोलीसपाटलाकडून तिकडं कुणी उरलं नाही असा दाखला आणायचा होता. पहिल्या खेपेला पोलीसपाटील भेटले नाहीत, दुसऱ्यांदा शिक्का नव्हता, तिसऱ्यांदा झालं. आता वारसदाखल्यासाठी कोर्टात अर्ज करायचाय, वकिलांनी तारीख बघून सांगतो म्हटलंय. मी त्यांना शब्दकोशातल्या त्या पानाची झेरॉक्स दिली. ती त्यांनी फाईलमध्ये सगळ्यात वर लावली आहे. वकिलांनी काढून ठेवा म्हणून सांगितलं तरी ते ऐकत नाहीत.

आणि जे घराणं वारसाअभावी १८४८ मध्ये 'लॅप्स' झालं, त्या पटवर्धनांचा मान आजही दर ऋषिपंचमीला रथोत्सवात असतो. दीड दिवसाच्या गणपतीला रथ देवळापासून काशीविश्वेश्वरापर्यंत जातो आणि परत येतो. दोर ओढायला जिल्हाभरातून माणसं येतात. मीही दरवर्षी एक हात लावतो.

तुमच्या गावच्या शिवारात आता गावात नसलेल्या घराण्याचं नाव टिकवून बसलेली एखादी पट्टी, मळा, विहीर असेल तर जरूर कळवा. गावाचं नाव, शिवाराचं नाव आणि ते कुळ कुठं गेलं याबद्दल म्हातारी माणसं काय सांगतात, एवढं लिहा. मी एका वहीत उतरवून ठेवतोय.